कंसातलं हसू

काका, आधी एक कबुली देऊन टाकते. त्या सिनेमाचं नाव मला अजूनही धड उच्चारता येत नाही. माझी लेक सई मला ते पुण्याहून फोनवर तीनदा म्हणून दाखवते, मी तीनदा तीन वेगळी नावं घेते आणि पोरगी हसत सुटते. तुम्ही त्याला ‘त्या पेटीवाल्याचा पिच्चर’ म्हणायचात, तेच सोपं होतं. तुमच्या तेराव्याला कुणीतरी विचारलं, ‘शेवटी शेवटी बापूंचं कशात मन रमायचं हो?’ मी खरं ते सांगितलं, ‘स्पेनच्या पिक्चरमध्ये.’ पंगतीतल्या चार बायका वाढायच्या थांबल्या. एकीनं माझ्या पाठीवरून हात फिरवला आणि म्हणाली, ‘रडून घे बाई, मोकळी हो.’

रडून झालंय माझं. आता विचारायचं राहिलंय. लहानपणी तुम्ही मला ‘कामूनबाई’ म्हणायचात, कारण प्रत्येक गोष्टीला माझं ‘कामून?’, म्हणजे ‘का?’, तयार असायचं. वयाच्या पन्नाशीत, शाळेत तीस वर्षं मराठी शिकवून झाल्यावर, एकदा नेमकं जिथं ‘कामून’ विचारून थांबायचं होतं तिथं मी उत्तरही माझंच दिलं. त्यासाठी हे लिहिते आहे.

तुम्ही ताडकळसहून आमच्याकडं परभणीला आलात ते डोळ्याच्या ऑपरेशनला. मोतीबिंदू. दवाखान्यातल्या सिस्टरनी सूचना वाचून दाखवल्या : खाली वाकायचं नाही, डोळा चोळायचा नाही, जोरात शिंकायचं नाही. तुम्ही हात जोडलेत. ‘सिस्टरबाई, अन् शिंक आलीच तर कुणाची इजाजत घ्यायची?’ सिस्टर हसल्या, बाकावरचे दोघं हसले, मीही हसले. मला वाटलं, तुम्हाला हे आत्ता सुचलं. ते वाक्य माझ्याएवढंच जुनं आहे, हे कळायला आणखी पंधरा दिवस लागले.

आपल्या घरात तुमच्या तरुणपणीच्या सहा वर्षांवर झाकण होतं. कुणी विचारलं की उत्तर ठरलेलं : ‘बापू तव्हा बाहेरगावी व्हता.’ कुठल्या गावी, कशाला, काही नाही. तमाशाच्या फडात पेटी वाजवत होता, हे आम्हा मुलांना माहीत होतं, पण ते आमच्यासमोर कुणी बोलत नसे आणि आम्हाला माहीत आहे हे आम्हीही कुणाला कळू दिलं नाही. मला बघायला मंडळी आली तेव्हा मुलाच्या वडिलांनी विचारलं, ‘हे धाकटे काय करतात?’ माझ्या वडिलांनी, दादांनी, घाईघाईनं सांगितलं, ‘शेती बघतो, अन् भजनात पेटी वाजवतो.’ ‘अरे वा, मग होऊ द्या एखादा अभंग.’ तुम्ही पेटी ओढलीत, डोळे मिटलेत, आणि बोटांनी सवयीनं जी काही सुरुवात केली तिला अभंग म्हणणं म्हणजे फारच झालं असतं. दादांना ठसका लागला. आईच्या हातातलं पोह्यांचं ताट कलतं झालं. तुम्ही डोळे न उघडता एक वळण घेतलंत आणि त्याच सुरांतून थेट भजनात शिरलात. सासरे मान डोलवत राहिले. माझा संसार त्या वळणावर उभा आहे, काका. आभार मानायचे राहूनच गेले. आता मानते.

तर तो सिनेमा. दिवाळीची सुट्टी होती, सई घरी आलेली. ती पुण्यात स्पॅनिश शिकते, कारण त्या भाषेला म्हणे कंपन्यांत चांगली मागणी आहे. मास्तरांनी बघायला सांगितलेला सिनेमा तिनं दुपारी टीव्हीवर लावून दिला, ‘आई, खाली इंग्रजी अक्षरं येतात, आजोबांना वाचून दाखव,’ म्हणाली आणि मैत्रिणीकडं निघून गेली. डॉक्टरनं तुम्हाला टीव्हीची परवानगी त्याच दिवशी दिलेली. नव्या डोळ्यानं तुम्ही पहिलं काय बघितलंत, तर एक मोडकी बस, तिच्या टपावर पत्र्याच्या पेट्या, आत गाणाऱ्या बाया, एक विनोद करणारा बुटका आणि एक उंच, वाकलेला पेटीवाला. पेटी म्हणजे पियानो. पण तुम्ही पहिल्या पाच मिनिटांत त्याला ‘आपला माणूस’ करून टाकलंत.

माझ्या भाषांतराबद्दल मी काय बोलणार? माझं इंग्रजी वाचायला वेळ घेतं आणि ती माणसं बोलायला अजिबात वेळ घेत नव्हती.

‘काय म्हणली ती?’

‘म्हणाली, बस बंद पडली.’

‘येवढी छाती बडवून, हात वर करून, बस बंद पडली?’

‘अजून होतं काहीतरी पुढं. वाचेपर्यंत गेलं.’

‘मग थांबव की, माय. ती काय ताडकळसची बस हाय का, गेली तर गेली?’

मग रिमोट तुमच्या हातात. तुम्ही दाबायचात, मी वाचायची. एका ठिकाणी ती गाणारी बाई आणि तिचा माणूस जरा जास्तच जवळ आले, तर मी ‘दूध उतू जाईल’ म्हणून उठले.

‘बस खाली,’ तुम्ही म्हणालात. ‘दूद सकाळीच तापलंय. मी फडात सहा वर्सं काडलीत, मला काय नवं हाय ह्यात? तू बी लाल पेन्सिल घेऊनच बसलीस की!’

घरात ‘फड’ हा शब्द तुमच्या तोंडून मी पहिल्यांदा ऐकला. इतक्या सहज, जसा काही रोज येतो. मी दुधाचं नाटक विसरून विचारलं, ‘कसली लाल पेन्सिल?’ तुम्ही पडद्याकडं बोट केलंत.

पुढं अर्ध्या तासानं तो प्रसंग आला. एका गावात खेळाच्या आधी वर्दीतला अंमलदार टेबलाशी बसलेला आहे. भिंतीवर त्याच एका माणसाचा फोटो, जो सिनेमाभर सगळ्या भिंतींवर आहे. अंमलदार गाण्यांचे कागद उलटतोय आणि रेघा मारतोय. पेटीवाला समोर उभा, नजर स्वतःच्या बुटांवर.

‘थांबव,’ तुम्ही म्हणालात. रिमोट तुमच्याच हातात होता, तरी मला म्हणालात.

चित्र थांबलं. अंमलदाराचा हात हवेत.

‘हे कुठलं हाय?’

‘स्पेनचं. तिथं खूप वर्षं एक हुकूमशहा होता...’

‘ते कळायलंय मला. मी आसं इचारायलो, ह्यांना आमचं कुणी सांगितलं?’

आणि मग, काका, पन्नास वर्षांचं झाकण तुम्ही माझ्या हॉलमध्ये, प्लास्टिकच्या खुर्चीत बसून, डोळ्यावर काळा चष्मा लावून उघडलंत.

आणीबाणी लागलेली. मी पाळण्यात. तुमचा फड जिंतूरकडून गंगाखेडकडं गावागावांनी फिरत होता : आठवडी बाजार, उरूस, जत्रा. वग कुठंच लिहिलेला नव्हता. राजा कोण, प्रधान कोण, शेवटी काय होतं, एवढं ठरलेलं. मधलं बोलणं रोज नवं, गाव बघून. त्यातला राजा फर्मान काढतो की आजपासून कुणी इजाजतीशिवाय तोंड उघडायचं नाही. सोंगाड्या नाक वर करतो, शिंक दाबतो, पुन्हा दाबतो, आणि विचारतो, ‘म्हाराज, शिंक आली तर कुणाची इजाजत घ्यायची?’ सोंगाड्या म्हणजे बोरीचा लिंबाजी. तुमच्यापेक्षा दोन-तीन वर्षांनी मोठा, अक्षरशत्रू, आणि तुमच्याच शब्दांत ‘आसा माणूस की त्यो बोर्डावर आला की आमाला पेटी वाजवायची इसर पडायची.’

एका ठाण्यात नवे साहेब आलेले. कुठलं ठाणं ते तुम्ही सांगितलं नाहीत, मीही विचारलं नाही. ते म्हणाले, खेळाला परवानगी हवी असेल तर वग लिहून आणा. सगळा. अख्ख्या फडात सातवी शिकलेले तुम्ही एकटे, अक्षरही सुबक. मालकिणीनं वही आणि टाक तुमच्यापुढं ठेवला. तुम्ही तीन दिवस लिंबाखाली बसून लिहिलंत. एकेकाला बोलावून त्याच्याकडून त्याचं बोलणं म्हणवून घ्यायचात. लिंबाजीचं मात्र कुणाला विचारावं लागलं नाही, ते तुम्हाला पाठ होतं. आणि जिथं जिथं त्याच्या बोलण्याला लोक हसायचे तिथं तुम्ही कंस केलात आणि कंसात लिहिलंत : ‘इथं लोक हसतात.’ काही ठिकाणी : ‘इथं लोक लय हसतात.’ तेवीस जागा.

साहेबांना वही वाचायची गरजच उरली नाही. त्यांनी कंस शोधले आणि तेवढ्याच जागी लाल पेन्सिल फिरवली.

मी हसले, काका. तुम्ही सांगत होतात तेव्हा मला खरंच हसू आवरलं नाही. तुम्हीही हसलात. मग काळा चष्मा काढून डोळ्याच्या कडा टिपल्यात. डोळा चोळायचा नाही म्हणून मी ओरडले.

पुढचं तुम्ही दुसऱ्या दिवशी सांगितलंत, सिनेमा थांबला होता तिथून पुढं बघताना. जत्रेतला दिवसाउजेडीचा खेळ. साहेब पुढच्या रांगेत खुर्चीवर. लिंबाजीला तेवीस ठिकाणी गप्प बसायचं होतं आणि तो बसला. शिंकेची जागा आली. राजानं फर्मान काढलं. लिंबाजीनं नाक वर केलं, शिंक दाबली, तोंडावर हात ठेवला आणि साहेबांकडं बघत नुसता उभा राहिला. एक शब्द नाही. पण लोकांनी हा वग मागच्या दोन बाजारांत बघितलेला. मागून एक जण ओरडला, ‘कुणाची इजाजत घ्यायची?’ मग दुसरा. मग अख्खी जत्रा. ‘कुणाची इजाजत घ्यायची?’

‘साहेब?’ मी विचारलं.

‘साहेब बी हसला. सगळ्यांसंगं हसला. अन् हसला म्हणूनच लय चिडला.’

लिंबाजीला त्याच दुपारी नेलं. दोन दिवस आत. सुटला तो थेट बोरीला गेला, फडात परत आलाच नाही. सोंगाड्याशिवाय फड किती चालणार? दोन महिन्यांत मालकिणीनं राहुट्या गुंडाळल्या. तुम्ही ताडकळसला आलात आणि ‘बाहेरगावी होतो’ असं म्हणायला शिकलात. लिंबाजी ऊसतोडीला जातो, एवढं कुणाकडून तरी कानावर आलं होतं. तुमची पुन्हा गाठ पडली नाही.

‘बोरी काय लांब आहे? जाऊ या की आपण,’ मी म्हणाले.

‘जाऊ की. कापूस येचून व्हऊ दे.’

‘कापूस तुम्ही वेचता का? तुमचा सुनील बघतो ना सगळं.’

‘तरी बी.’

तुमचं ते ‘तरी बी’ माझ्या लक्षात यायला हवं होतं. मुलांच्या उत्तरपत्रिकेत खाडाखोड दिसली की मला लगेच कळतं, इथं लेकरू अडखळलंय. तुमची खाडाखोड मला दिसली नाही.

आणि मग तो तिसरा दिवस. आपलं भांडण झालं तो. सिनेमात पुन्हा तो अंमलदार, पुन्हा पेटीवाल्याची खाली घातलेली मान. मी म्हणाले, ‘ह्याचा राग येतो मला. निदान मान वर तरी करावी.’

‘मान वर करून काय व्हतंय?’

‘काका, तुम्ही तरी कंसात लिहायचं कशाला? वग द्या म्हणाले होते. नुसता वग द्यायचा.’

‘सगळा म्हणले व्हते.’

‘म्हणून हसूसुद्धा?’

तुम्ही माझ्याकडं वळलात. ‘आगं, त्या सहा वर्सांत पयल्यांदा कुणी तरी म्हणलं, तुमचं सगळं लिवून दाखवा. आमाला कोण इचारायलंय? लोक बघायचे, हसायचे, घरी जायचे. सकाळी पाल उचललं की तितं काय व्हतं, कुणाला म्हाईत? मला वाटलं, एकदा तरी पुरं लिवावं. अन् हसू सोडून लिवलं तर त्ये पुरं कसं?’

यावर गप्प बसायला हवं होतं. शाळेत मी पोरांना शिकवते, कंसातला मजकूर वाचताना आवाज खाली आणावा. त्या दिवशी माझा आवाज खाली आला नाही. मी म्हणाले, ‘पुरं नाही काका, तुम्ही यादी करून दिलीत. लिंबाजीला कुठं कुठं धरायचं याची यादी.’

तुम्ही रिमोट शोधलात, तो तुमच्या मांडीवरच होता, पण तुम्हाला सापडेना. ‘बंद कर ते,’ म्हणालात. अजून वीस मिनिटं बाकी होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी तुम्ही पिशवी भरलीत. डॉक्टरनं अजून चार दिवस राहायला सांगितलेलं, तरी. मी बसस्टँडवर सोडायला आले. वाटेत तीनदा ‘काका, चुकलं माझं’ जिभेवर आलं आणि तीनदा मी ड्रॉपबद्दल बोलले. सकाळी एक, दुपारी एक, झोपताना एक. तुम्ही खिडकीतून म्हणालात, ‘हाव, हाव, टाकतो.’ मी म्हणाले, ‘झाकण घट्ट लावत जा.’ तुमच्याशी बोललेलं माझं शेवटचं वाक्य ते. बावीस दिवसांनी पहाटे सुनीलचा फोन आला.

आता मी काय केलं ते सांगते. रागवू नका. रागवायचंच असेल तर स्वप्नात या, वाट बघते.

तेराव्यानंतरच्या रविवारी मी जिंतूरच्या बसमध्ये बसले आणि बोरीला उतरले. तुम्ही गेल्याचं लिंबाजींना कुणी कळवलं नसणार, ते सांगायचं हे एक कारण. दुसरं कारण असं की, तुम्हाला जे त्यांच्यासमोर कबूल करायचं होतं आणि ज्यासाठी तुम्ही कापसाला पुढं करत होतात, ते कुणीतरी करायला हवं होतं. कंसांचं. निदान मी तुम्हाला जे बोलले ते खरं होतं की खोटं, हे मला कळायला हवं होतं. खरं असतं तरी माफी मागायचीच होती. पण कशाची, ते नको का माहीत असायला?

घर सापडायला वेळ लागला नाही. ‘सोंगाडे आबा’ म्हटल्यावर किराणा दुकानदारानं नुसती हनुवटी उचलून दाखवलं. म्हणजे पन्नास वर्षं बोर्डावर न चढताही गावात त्यांचं नाव तेच. अंगणात बाजेवर एक वाळका, बिनदाताचा म्हातारा शेंगा सोलत बसलेला.

‘लिंबाजीकाका, मी परभणीहून आले. ताडकळसच्या बापूंची पुतणी.’

‘कोन बापू?’

‘पेटीवाले.’

शेंग सोलणारी बोटं थांबली. ‘मग त्यो कुटं हाय?’

‘गेले. दोन-अडीच आठवडे झाले.’

त्यांनी सोललेले दाणे एका बाजूला केले. टरफलं दुसऱ्या बाजूला. सगळी नीट वेगळी झाल्यावर म्हणाले, ‘अन् सांगायला तुला धाडलं. तव्हा बी सोता यायचा न्हाई, दुसऱ्यालाच धाडायचा.’

मला त्याचा अर्थ तेव्हा कळला नाही. मी आपलं पाठ करून आणलेलं सगळं एका दमात सांगून टाकलं. वही, कंस, ‘इथं लोक हसतात’, लाल पेन्सिल. सांगताना त्यांच्या तोंडाकडं बघायची हिंमत होईना, म्हणून टरफलांकडं बघत होते.

‘काय लिवलं व्हतं म्हणलीस?’

‘इथं लोक हसतात.’

‘कितीक जागी?’

‘तेवीस.’

‘तेवीस!’ लिंबाजीकाका बाजेवर मांडी सावरून बसले. ‘सूनबाई, ऐकलीस का? तेवीस जागी! आन् ह्यो बाबा पेटीवर आसं तोंड करून बसायचा जणू घरात मयत झालीय.’ त्यांनी तुमचं तोंड करून दाखवलं, काका. खालचा ओठ पुढं, भुवया खाली. इतकं हुबेहूब की मी ‘काका’ म्हणून हाक मारणारच होते. ‘साजिंद्यानं हसायचं न्हाई, आसा कायदाच व्हता आमच्यात. पेटीवाला हसला की लोक त्याच्याकडं बघत्यात, सोंगाड्याचं काम मातीत. पर बाकीचे चोरून हसायचे. ह्यो कदी न्हाई. मला वाटायचं, ह्याला माझं काय बी पटत न्हाई. सातवी शिकलेला माणूस. अन् ह्यानं मोजलं व्हतं व्हय?’

‘तुम्हाला राग नाही आला? वहीमुळंच तर...’

‘राग व्हता की. दोन वर्सं व्हता. कंसाचा न्हवता. वहीत काय लिवलंय ते मला कोन वाचून दावणार? मला कळलं, बापूनं लिवून दिलं म्हणून धरलं, येवढंच. मग कोयता घेऊन ऊसतोडीला लागलो. दिसभर फडच्या फड तोडायचा, तितं राग धरायला हात मोकळे कुटं आसत्यात?’

मग मी माझंही सांगितलं. सिनेमा बघता बघता तुम्हाला काय बोलले ते. ‘यादी’ हा शब्द उच्चारला आणि लिंबाजीकाकांचा चेहरा बदलला. आत्तापर्यंत गंमत होती ती गेली.

‘तू तितं व्हतीस का?’

‘नाही. मी पाळण्यात...’

‘मग तू कामून बोललीस? माझं भांडन हाय त्ये. मी भांडीन न्हाई तर सोडून दीन. तू पिच्चर बघून माझ्या पेटीवाल्याला बोललीस?’

मला वर्गात कोपऱ्यात उभं केल्यासारखं वाटलं. आणि खरं सांगू? बरं वाटलं. तुमच्या बाजूनं मला कुणीतरी रागावत होतं.

थोड्या वेळानं ते निवळले. सुनेनं चहा आणला. त्यांनी कप घेतला, पण प्यायले नाहीत, हातात फिरवत राहिले.

‘त्यानं तुला ठाण्याम्होरलं सांगितलं का?’

‘काय?’

‘न्हाई सांगितलं म्हंजे. दोन दिस मी आत, अन् त्यो समोरच्या हाटेलात. पयल्या दिशी आत येऊन म्हणला, वही माझ्या हातची हाय, मला धरा. त्यांनी हाकलून दिला. मग हाटेलात बसून ऱ्हायला. दोन दिस उटला न्हाई. सकाळ, दुपार, संद्याकाळ, हाटेलातल्या माणसाच्या हाती मला च्या धाडायचा. पुन्यांदा आत यायची हिंमत न्हाई, नुसता च्या. मी खिडकीतून बगायचो, त्यो तितूनच बगायचा.’

‘आणि तुम्ही?’

‘मी परत धाडायचो. सहाच्या सहा बार परत धाडला. आल्याचा च्या व्हता, वास यायचा.’ त्यांनी हातातल्या कपाकडं बघितलं. ‘घ्यायला पायजे व्हता. येक तरी.’

मग ते चहा प्यायले. सावकाश, शेवटच्या घोटापर्यंत. मी उठले तेव्हा म्हणाले, ‘त्ये तेवीस कोनते, ते सांगितलं का त्यानं?’ मी म्हणाले, एकच सांगितला, शिंकेचा. ‘बाकीचे मला बी आता ध्यानात न्हाईत,’ ते म्हणाले. ‘त्यालाच पाठ व्हते.’

काका, माझं चुकलं. हे बसस्टँडवर म्हणायचं होतं, ते इथं म्हणते. माझं म्हणणं अर्धं खरं असेल, पूर्ण खोटं असेल, ते ठरवायचा हक्क ज्याचा होता त्यानं कधीच ठरवून टाकलं होतं, आणि मी दोघांच्या मध्ये उभी राहून मार्क देत होते. त्या पेटीवाल्यालाही मी उगाच बोलले. मान खाली घालून तो काय बघत होता, काय मोजत होता, मला काय माहीत? सई म्हणते, संक्रांतीला आली की उरलेली वीस मिनिटं आपण बघू. मी म्हटलं, मी वाचणार नाही, तूच सांग, एकही शब्द न गाळता.

पण मला रात्रंदिवस एकच प्रश्न पडलाय, आणि तो विचारायला आता कुणीच उरलं नाही. ठाण्यातून चहा परत यायचा. एकदा नाही, सहा वेळा. भरलेला कप घेऊन तो हॉटेलवाला रस्ता ओलांडून तुमच्यासमोर यायचा. तुम्ही काय करायचात, काका? ओतून द्यायचात? की तो त्याचा चहा, गार झालेला, तिथं बसून, खिडकीकडं बघत, तुम्हीच प्यायचात?